मरियामातेचा पदर

आम्ही विष्णुपुरीला गेलो होतो ते एका नव्या घराला आशीर्वाद देण्यासाठी. निवाडा देण्यासाठी नव्हे. परंतु धर्मगुरू दारात आला की लोक पवित्र पाणी शिंपडून होईपर्यंत कसेबसे थांबतात आणि मग चहाच्या कपाबरोबर घरातला तंटा पुढे ठेवतात, असा आमचा पंचवीस वर्षांचा अनुभव आहे.

विष्णुपुरी म्हणजे नांदेडला लागून असलेले, गोदावरीकाठचे गाव. १९८१ साली येथे श्री गुरू गोबिंदसिंहजींच्या नावाचे अभियांत्रिकी महाविद्यालय निघाले, १९९४ साली स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ स्थापन झाले. नदी अडवली गेली आणि शंकरसागर जलाशयाचे पाणी दूरवर पसरले. नोकरीच्या मागे माणसे आली, त्यांत आपलीही काही कुटुंबे आली. ज्या घरी आम्ही गेलो होतो तेथील गृहस्थ प्रयोगशाळेत काम करतात, पत्नी परिचारिका आहे, मुलगी महाविद्यालयात शिकते आणि उदगीरकडच्या खेड्यातून आलेली आजी सगळ्यांवर देखरेख ठेवते.

तंटा होता भिंतीचा. दर्शनी भिंतीवर खिळा एकच आणि चित्रे दोन. गृहस्थांच्या वडिलांनी फार वर्षांपूर्वी बांद्र्याच्या जत्रेतून आणलेली मरियामातेची तसबीर: निळी शाल, गुलाबी गाल, आकाशाकडे लागलेले डोळे. नातीने पुण्याहून आणलेले दुसरे चित्र आंजेलो द फोन्सेका या गोमंतकीय चित्रकाराच्या चित्राची छापील प्रत होती. त्यात मरियामाता साडी नेसलेली, डोक्यावर पदर, सावळा वर्ण, पापण्या अर्ध्या मिटलेल्या.

"फादर, तुम्हीच सांगा," गृहस्थ म्हणाले, "ही आपली खरी मरियामाता. आणि ही कुणा चित्रकाराची."

त्या वाक्यातला 'खरी' हा शब्द आम्हांला चहात पडलेल्या माशीसारखा दिसला. माशी काढावी की चहा तसाच प्यावा? आम्ही म्हणालो, "पुढच्या भेटीत सांगतो." हा लेख म्हणजे त्या पुढच्या भेटीची तयारी होय. वाचकहो, तुमच्याही घरात भिंत आहेच.

पहिली गोष्ट अशी की चारही शुभवर्तमानांत पवित्र मरियेच्या रंगरूपाविषयी एक शब्दही नाही. उंची नाही, वर्ण नाही, वस्त्राचा रंग नाही. संत लूक हा स्वतः चित्रकार होता आणि त्याने मरियेचे चित्र काढले अशी परंपरा आहे. पण त्याच्या लेखणीने मात्र या बाबतीत मौनच पाळले आहे. त्यामुळे पुढे जे झाले ते अटळ होते. ज्याला जशी आई ठाऊक, त्याने तशी काढली.

आमच्या सेमिनरीत कलेचा इतिहास असा वेगळा विषय नव्हता. ख्रिस्तसभेचा इतिहास होता आणि त्याच्या पाठोपाठ चित्रे येत. युवक मंडळातल्या मुलांना शैली ओळखण्याची एक घरगुती रीत आम्ही सांगत असतो. चित्रातील सर्व मंडळी सोनेरी पडद्यापुढे ओळखपत्राच्या फोटोसाठी बसल्यासारखी सरळ समोर पाहत असतील, तर शैली बायझंटाईन समजावी. मातेच्या मांडीवरचे बाळ कपाळाला आठ्या घालून नुकत्याच निवृत्त झालेल्या तलाठ्यासारखे दिसत असेल, तर मध्ययुग. (त्या चित्रकारांनी कधी बाळ पाहिले नव्हते असे नव्हे. प्रभू येशू हा जन्मापासूनच ज्ञानस्वरूप, मग तो अजाण कसा दिसावा, असा त्यामागचा विचार होता. विचार थोर, बाळाचे मात्र हाल झाले.) संत, देवदूत, म्हाताऱ्या बायका, झाडून सगळ्यांचे दंड तालमीतल्या पैलवानाचे असतील तर तो मायकेलअँजेलो. आकृत्या दोरीवर वाळत घातलेल्या शेवयांसारख्या लांबल्या असतील तर एल ग्रेको. सगळीच मंडळी लोण्यातुपावर पोसलेली असतील तर रुबेन्स. आणि चित्रात भारनियमन चालू आहे, कोठून तरी एका बाजूने उजेडाची तिरीप येते आहे व तेवढ्यात सगळे आपापले काम उरकत आहेत असे वाटले, तर तो निःसंशय काराव्हाज्जो. मराठवाड्यातल्या मुलांना काराव्हाज्जो समजावून सांगायला याहून अधिक वेळ लागत नाही.

थट्टा पुरे. यातला कोणताही चित्रकार पॅलेस्टाईनला जाऊन कपडेपट पाहून आला नव्हता. फ्लँडर्सच्या पीटर ब्रुगेलने १५६६ साली बेथलेहेममधील नावनोंदणीचे चित्र काढले. त्यात योसेफ आणि गर्भवती मरिया गाढवासह ज्या गावात शिरतात ते गाव चक्क त्याच्या मुलखातले आहे. छपरांवर बर्फ, गोठलेल्या पाण्यावर खेळणारी पोरे, थंडीने आकसलेली माणसे. बेथलेहेमकरांनी तसा हिवाळा क्वचितच अनुभवला असेल. आणि आपण काय करतो? नाताळात गव्हाणीवर कापूस पसरतो. ज्या कापसासाठी आपल्या शेतकऱ्याने ऐन उन्हात पाठ भाजून घेतली, तोच कापूस आपण डिसेंबरात युरोपचे बर्फ म्हणून वापरतो, आणि कोणालाही त्यात परकेपणा वाटत नाही.

अर्थात चित्रकाराने मर्यादा ओलांडली की नाही हे ठरवणारे लोक सर्व काळी असतात आणि ते पुष्कळदा आमच्याच पेशाचे असतात. १५७३ साली व्हेनिसच्या पाओलो व्हेरोनेसेने डॉमिनिकन मठाच्या भोजनगृहासाठी अखेरच्या भोजनाचे भव्य चित्र काढले. त्यात येशू आणि प्रेषित होते हे खरे, पण शिवाय विदूषक होता, विदूषकाच्या हातावर पोपट होता, नाकातून रक्त वाहणारा एक नोकर होता, हत्यारबंद जर्मन शिपाई होते आणि कुत्राही होता. धर्मन्यायालयाने त्याला बोलावून विचारले, प्रभूच्या अखेरच्या भोजनाला ही वरात कोणी आमंत्रिली? व्हेरोनेसेच्या उत्तराचा आशय असा, की कवी आणि वेडे यांना जेवढी मोकळीक असते तेवढी आम्ही चित्रकारही घेतो, आणि कापड मोठे होते, जागा उरली. न्यायालयाने तीन महिन्यांत चित्र सुधारण्याचा हुकूम दिला. त्याने सुधारणा केली ती नावात! 'अखेरचे भोजन' पुसून 'लेवीच्या घरचे भोजन' असे नाव दिले. जकातदाराच्या घरी कोणीही जेवायला येऊ शकतो, याला शास्त्राचा आधार होता. पोपट आजही आपल्या जागी आहे.

मायकेलअँजेलोने तर सूडच उगवला. 'अंतिम न्याय' या त्याच्या चित्रातील नग्नतेवर पोप महोदयांच्या समारंभाधिकाऱ्याने नाक मुरडले, तेव्हा त्याने त्या अधिकाऱ्याचाच चेहरा नरकातील न्यायाधीशाला दिला आणि वर गाढवाचे कान लावले. अधिकारी तक्रार घेऊन गेला असता पोप तिसरे पॉल म्हणाले म्हणे, की नरकात आमचा अधिकार चालत नाही. पुढे १५६५ च्या सुमारास दुसऱ्या एका चित्रकाराला त्या आकृत्यांना वस्त्रे रंगवण्याच्या कामावर नेमले. बिचाऱ्याचे नाव 'चड्ड्या शिवणारा' असे पडले ते कायमचेच. काराव्हाज्जोने पवित्र मरियेच्या मृत्यूचे चित्र काढले, त्यात तिचे पाय सुजलेले, देह खराखुरा मेलेल्या गरीब बाईचा. कार्मेलाईट मठवासीयांनी ते नाकारले. आज ते पॅरिसच्या लूव्ह्र संग्रहालयात आहे.

आता आपल्या भिंतींकडे वळू. मुंबईपासून मराठवाड्यापर्यंत घरोघरी दिसणारी तसबीर नित्य साहाय्यक मातेची. माहीमला १९४८ साली बुधवारची नोव्हेना सुरू झाली आणि ही तसबीर आपल्या लोकांच्या अंगवळणी पडली. तिच्यातल्या बाळ येशूच्या पायातून निसटून लोंबणारी चप्पल आमच्या बालवर्गातल्या प्रत्येक मुलाला ठाऊक असते, एक जण म्हणाला, "फादर, येशूची चप्पल पण तुटकी होती." ही तसबीर लोक 'अस्सल रोमन' समजतात. वस्तुतः ती पूर्वेकडची, क्रीट बेटाच्या परंपरेतली बायझंटाईन मूर्तिचित्राची शैली आहे. रोममध्ये ती १८६६ पासून रिडेम्प्टोरिस्ट संघाच्या मंदिरात आहे, एवढाच तिचा रोमन भाग. पवित्र हृदयाची जी प्रतिमा आपण जाणतो तिचा उगम पाँपेओ बातोनी याच्या १७६७ सालच्या चित्रात आहे. आणि मऊ तपकिरी केसांचा, एका बाजूस पाहणारा येशू, जो जीपगाडीत चालकाच्या डोक्यावर चिकटवलेला असतो, तो १९४० साली शिकागोच्या वॉर्नर सॉलमन या जाहिरातींची चित्रे काढणाऱ्या गृहस्थाच्या कुंचल्यातून उतरला. त्याच्या पन्नास कोटींहून अधिक प्रती छापल्या गेल्या असे सांगतात. म्हणजे ज्याला आपण 'परंपरागत' म्हणतो तो चेहरा आमच्या विष्णुपुरीच्या आजींहून वयाने फार मोठा नाही.

शेजारच्या घरचे दिनदर्शिकेवरचे चित्र पाहावे तर तेथेही गंमतच. लक्ष्मी-सरस्वतीच्या ज्या रूपाला सारा महाराष्ट्र हात जोडतो ते राजा रविवर्म्याचे. तैलरंग युरोपचे, छायाप्रकाश युरोपचा, १८९४ साली मुंबईत निघालेल्या त्याच्या छापखान्यात तंत्रज्ञ जर्मन. देशी देवतांना विलायती शैलीत कोणी परके म्हटले नाही. फोन्सेकांनी त्याच्या उलट केले, विलायतेतून आलेल्या मरियेला देशी शैली दिली, तेव्हा मात्र गहजब झाला.

तसे पाहता भारतीय हातांनी मरियेचे चित्र काढण्याची ही पहिली वेळ नव्हती. १५८० साली रुदोल्फ आक्वाविवा आदी येशूसंघीय धर्मगुरू अकबर बादशहाच्या दरबारी फत्तेपूर सिक्रीला पोहोचले. सोबत अनेक भाषांतील बायबलचे भव्य खंड होते आणि रोमच्या सांता मारिया माज्जोरे मंदिरातील मरियेच्या प्रतिमेची प्रत होती. बादशहाने पवित्र ग्रंथ आदराने मस्तकी लावला. त्याच्या चित्रशाळेतल्या केसूदास, बसावन, मनोहर अशा चित्रकारांनी त्या ग्रंथातली कोरीव चित्रे पाहून पाहून मरिया काढली. आणि पाहता पाहता ती लोडतक्क्यांवर बसली, तिच्या मागे मोगली महाल उभा राहिला. धर्मगुरूंना बादशहाच्या धर्मांतराची आशा होती, बादशहाला चित्रांची. दोघांपैकी एकाची इच्छा पूर्ण झाली.

शब्दांच्या बाबतीत तर आपण अगदीच निश्चिंत आहोत. येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स यांनी ख्रिस्तपुराण मराठी ओवीत रचले आणि ते १६१६ साली छापले गेले. एका इंग्रजाने येशूला ओवी नेसवली म्हणून आपण त्यांची थोरवी गातो. तीनशे वर्षांनी एका गोमंतकीयाने मरियेला साडी नेसवली तेव्हा तिच्या पदराची चौकशी सुरू झाली.

आंजेलो द फोन्सेका यांचा जन्म १९०२ साली गोव्यातील सांत इस्तेव्ह बेटावर झाला. घरच्यांना मुलगा डॉक्टर व्हावा असे वाटत होते, म्हणून मुंबईला वैद्यकीय शिक्षणास आले, ते सोडून जे. जे. कला महाविद्यालयात गेले, आणि तेथली विलायती घोटाई मानवेना म्हणून शांतिनिकेतनाची वाट धरली. अवनींद्रनाथ ठाकूर व नंदलाल बोस यांच्या छायेत ते घडले. परत गोव्यात आले ते येशू, मरिया आणि संतांना भारतीय वेशात रंगवीत. तेव्हा गोव्यावर पोर्तुगिजांची सत्ता होती. ज्या मरियेने चारशे वर्षे युरोपी पोशाख केला तिला साडीत पाहून पुष्कळांना ती हिंदू झाल्यासारखी वाटली. टीका एवढी झाली की त्यांना गाव सोडावे लागले. आसरा मिळाला तो पुण्याच्या ख्रिस्त प्रेम सेवा संघाच्या आश्रमात. तो आश्रम अँग्लिकन, हे कॅथॉलिक. कॅथॉलिक मरियेला साडी नेसवणाऱ्या कॅथॉलिक चित्रकाराला चित्रफलक उभा करण्यासाठी अँग्लिकनांनी जागा द्यावी, हा इतिहासाचा विनोद आम्हांला हसवतोही आणि थोडा बोचतोही.

ते अगदी एकाकी होते असे मात्र नाही. मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयातील इतिहासकार फादर हेन्री हेरास यांनी भारतीय ख्रिस्ती कलेची बाजू हिरिरीने घेतली. मुंबईत अँजेला त्रिंदाद याच वाटेने चालत होत्या. त्यांचे वडील अंतोनियो झेवियर त्रिंदाद यांना लोक 'पूर्वेचा रेम्ब्राँ' म्हणत, आणि मुलीने मात्र रेम्ब्राँचा अंधार सोडून भारतीय रेषा धरली. आमचे मराठी ख्रिस्ती चित्रकार विनायक मासोजी हेही शांतिनिकेतनात शिकले आणि तेथेच शिकवू लागले.

आता ज्या गोष्टीसाठी हा सगळा प्रपंच, तिच्याकडे येतो. नंदलाल बोस यांनी आपल्या शिष्यांच्या हाती जी रेषा दिली ती त्यांना कोठे गवसली? १९०९ च्या हिवाळ्यात लेडी हेरिंगहॅम या इंग्रज बाईंच्या पथकाबरोबर ते अजिंठ्याला आले. लेण्यांत बसून, दिव्याच्या उजेडात त्यांनी भिंतींवरच्या चित्रांच्या नकला केल्या. अजिंठा म्हणजे आपला मराठवाडा, तेव्हाचा निजामाचा मुलूख. ती अर्धी मिटलेली पापणी, ती मानेची किंचित कललेली ठेवण, लांब निमुळती बोटे, हे सगळे पहिल्या क्रमांकाच्या लेण्यातील पद्मपाणीजवळ पाहून घ्यावे. तेथून ते बंगालात गेले, बंगालातून एका गोवेकराच्या हातात आले, त्याच्या हातून पुण्यात मरियेच्या चेहऱ्यावर उतरले आणि पुण्याहून एका मुलीच्या पिशवीतून विष्णुपुरीला पोहोचले. म्हणजे आमच्या गृहस्थांना जी परकी वाटली ती मरिया माहेरी आली होती!

अजिंठ्याच्या नकलांचीही एक वेगळीच कहाणी आहे. १८१९ साली शिकारीला आलेल्या जॉन स्मिथ या लष्करी अधिकाऱ्याला लेणी दिसली आणि त्याने पहिले काम काय केले, तर दहाव्या लेण्यात स्वतःचे नाव आणि तारीख कोरली. (आपल्या सहलीच्या मुलांना रागावताना हे सांगू नये.) त्यानंतर रॉबर्ट गिलने १८४४ पासून वर्षानुवर्षे खपून नकला केल्या; त्या लंडनच्या स्फटिकप्रासादात लावल्या आणि १८६६ च्या आगीत बहुतेक जळाल्या. मग जे. जे. चे जॉन ग्रिफिथ्स विद्यार्थ्यांना घेऊन आले, १८७२ ते १८८५ पर्यंत झटले. त्यांतल्याही पुष्कळ लंडनच्याच संग्रहालयात १८८५ च्या आगीत गेल्या. दीड हजार वर्षे वाघ, वटवाघळे आणि पावसाळे सोसलेली मूळ चित्रे डोंगरात शाबूत, आणि जपून ठेवलेल्या नकला विलायतेत भस्म. पुढे १९२० साली निजाम सरकारने चित्रांच्या दुरुस्तीसाठी खास इटलीहून दोन तज्ज्ञ आणले. त्यांनी निसटते रंग पक्के बसवले हे त्यांचे उपकार. पण वरून जे लाखेचे रोगण दिले ते कालांतराने पिवळे पडले. इटलीकरांनी आपल्याला मरियेचा चेहरा दिला आणि अजिंठ्याला कावीळ.

निळ्या शालीचे मात्र अजून राहिले. गृहस्थांच्या तसबिरीतली शाल निळी का? जुन्या युरोपात उत्तम निळा रंग लाजवर्द या दगडाची पूड करून बनत असे आणि तो दगड अफगाणिस्तानातील बदख्शानच्या खाणींतून जाई. समुद्रापलीकडून येणारा म्हणून त्या रंगाचे नावच 'समुद्रापलीकडचा' असे पडले. सोन्याच्या तोलाने त्याची किंमत होई. म्हणून करारपत्रात लिहून घेत, की चांगला निळा मरियेच्या वस्त्राला लावावा. गरिबाने आपल्याकडचे सर्वांत महागडे वस्त्र आईला द्यावे, तसे ते होते. आणि अजिंठ्याच्या पहिल्या-दुसऱ्या लेण्यांतला निळा? रंगांची तपासणी करणाऱ्यांना तोही लाजवर्दच आढळला, परदेशातून आणलेला. एकाच डोंगराळ मुलखातला तो दगड. एक वाट फ्लॉरेन्सला मरियेच्या शालीकडे गेली, दुसरी त्याच्याही आधी कित्येक शतके आपल्या वाघूर नदीच्या दरीत उतरली. 'आपली' आणि 'परकी' अशी वाटणी करायला निघालेल्या माणसाने हा दगड कोणत्या पारड्यात टाकावा?

१९६३ साली दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने उपासनेविषयीच्या आपल्या दस्तऐवजात स्पष्ट केले, की ख्रिस्तसभेने कोणतीही एक कलाशैली स्वतःची म्हणून ठरवलेली नाही. सर्व काळांच्या व सर्व लोकांच्या कलेला तिच्यात वाव आहे. फोन्सेका त्यानंतर चार वर्षे जगले. १९६७ साली ते गेले. त्यांच्या पत्नीने चित्रे जिवापाड जपली आणि अखेर त्यांचा मोठा संग्रह गोव्यात, पर्वरीच्या झेवियर इतिहास संशोधन केंद्राकडे दिला. ज्या गोव्यातून चित्रकार गेला त्या गोव्यात चित्रे परतली.

तो परिच्छेद आम्ही सेमिनरीत शिकलो होतो. परीक्षेत लिहिला होता. गुणही बरे मिळाले होते. म्हणून आता सांगतो ते सांगताना जीभ जड होते.

दीक्षा होऊन दोन-तीन वर्षे झाली असतील. फ्लेक्सचे फलक सर्रास येण्यापूर्वीचा काळ. मराठवाड्यातल्या एका खेड्यातल्या आमच्या लहानशा प्रार्थनामंदिरात वेदीमागे चित्र नव्हते. तालुक्याच्या बाजारात दुकानांच्या पाट्या रंगवणारा एक पेंटर आपल्याच लोकांतला. त्याने आपण होऊन चांगल्या जाड फळीवर पवित्र कुटुंब रंगवून आणले. पैसे घेतले नाहीत. मरियेला हिरवी नऊवारी, कपाळ उघडे, हात कामाचे, रुंद. योसेफाला फेटा. गाढव त्याने पूर्वी कधी रंगवले नसावे, पोळ्याचे बैल पुष्कळ रंगवले असावेत. त्यामुळे लांब कानांचा एक बैल बाळ येशूकडे प्रेमाने पाहत होता. गावातल्या बाया चित्रापुढे येऊन उभ्या राहिल्या आणि बराच वेळ बोलल्या नाहीत. आम्ही त्यांच्या त्या गप्प राहण्याचा अर्थ चुकीचा लावला.

"वेदीमागे हे शोभत नाही," असे आम्ही म्हणालो. शब्द हेच होते. महिन्याभरात शहरातून छापील तसबीर आणली, निळ्या शालीची. पेंटरने वाद घातला नाही. फळी चांगली आहे, परत मिळेल का, एवढेच विचारले. पुढे एकदा तालुक्याला जाताना रस्त्याकडेच्या टपरीवर 'येथे पंक्चर काढून मिळेल' अशी सुबक अक्षरांतली पाटी दिसली. वाऱ्याने ती हलली तेव्हा मागच्या बाजूचा हिरवा काठ दिसला. गाडी थांबवण्याचे धैर्य आम्हांला झाले नाही. व्हेरोनेसेला निदान न्यायालयासमोर उत्तर देता आले होते. गेल्या वर्षी त्या रस्त्याने मुद्दाम गेलो. रस्ता चौपदरी झाला आहे, टपरी नाही. पेंटर मुलाकडे पुण्याला गेला, असे कोणी सांगितले. नक्की पत्ता मिळाला नाही.

ही सगळी शिदोरी घेऊन आम्ही पुन्हा विष्णुपुरीला गेलो. गृहस्थांना ब्रुगेलचे बर्फ सांगितले, व्हेरोनेसेचा पोपट सांगितला. ते मनापासून हसले. मग फोन्सेकांच्या चित्राकडे बोट करून म्हणाले, "ते सगळं खरं, फादर. पण हिचे डोळे बघा. झोपल्यासारखी दिसते."

आम्ही अजिंठ्याचा पद्मपाणी, अंतर्मुख दृष्टी, ध्यानमग्नता असे काहीसे बोलण्यासाठी घसा साफ केला. तेवढ्यात दारात गहू निवडीत बसलेली आजी म्हणाली, "झोपली नाई. दमली आसंल. कोसभरून पाणी आणून बसली आसंल घडीभर."

पद्मपाणी आमच्या घशातच राहिला.

आजी उठली. चित्राच्या काचेवर बोटांचे ठसे होते, ते तिने आपल्या पदराने पुसले. निवाडा आम्ही काही दिला नाही. जपमाळ म्हणून निघालो.

नाताळच्या आधी पुन्हा जाणे झाले तेव्हा दर्शनी भिंतीवर निळ्या शालीची माता होती. साडीतली माता स्वयंपाकघरात माठाच्या वर टांगलेली होती, तीही जरा खालीच, कारण खिळा आजीने आपल्या हाताला पोचेल तेथे ठोकून घेतला होता. नात रुसली होती. आजीने हार मानली, असे तिचे म्हणणे. आम्ही आजीला विचारले, "आजी, हिला आत का ठेवली?"

"तिकडं पाव्हणे बसत्यात," आजी म्हणाली. "हितं आमी बसताव."